पिलारमावशीची सात पानं

पिलारमावशी मला पहिल्यांदा भेटली ती प्लेनोतल्या आमच्या अपार्टमेंटच्या लाँड्री रूममध्ये, ढसाढसा रडताना. मी घाबरून जवळ गेले, तर डोळे न पुसताच तिने विचारलं, "पाणी आधी कुठल्या डोळ्यातून आलं?"

"डाव्या," मी चाचरत म्हणाले.

"अजून डावाच! बरं झालं. कॅमेरा कुठे ठेवायचा ते कळलं."

ती स्पेनमधली नटी. चाळीस वर्षं सिनेमांत आणि मालिकांत तिने मोलकरणी, नर्स, नन आणि शेजारणी केल्या. नवरा गेल्यावर मुलीकडे, लुसियाकडे राहायला आली. मी तेव्हा नवऱ्याच्या व्हिसावर अमेरिकेत आलेली. नोकरीची परवानगी नाही आणि पुण्यात शिकलेलं स्पॅनिश गंजत चाललेलं. तिच्यामुळे ते पुन्हा जिभेवर आलं. मावशी म्हणजे आईची बहीण, असं सांगितल्यावर ती म्हणाली, "नायिकेची ना? ती तर मी अकरा वेळा झालेय."

छोट्या भूमिकांची तिला लाज नव्हती. "मी दार उघडते, म्हणून नायिका आत येते," असं म्हणायची. फक्त एकदा बोलून गेली, "माद्रिदमध्ये लोक मला थांबवतात. विचारतात, तुम्ही आमच्या गल्लीत राहायचात का?"

मग एका मालिकेतून बोलावणं आलं. परत आलेल्या मुलाशी बोलणारी म्हातारी आई. एकच प्रसंग, पण सात पानांचा. आणि त्या आईला चक्क नाव होतं. रोज सकाळी माझा नवरा ऑफिसला गेला की ती पानं घेऊन यायची. मुलाची वाक्यं मी वाचायचे. तिसऱ्या आठवड्यात माझ्या लक्षात आलं, की चौथ्या पानावर ती रोज एकाच जागी थांबते. माझ्याकडे बघत राहते. मग हसून म्हणते, "पहिल्यापासून घेऊ या."

शेवटी मी लुसियाला गाठलं. पार्किंगमध्ये गाडीची किल्ली हातात धरून ती म्हणाली, "डॉक्टरांनी सांगितलंय मला. तिला नाही सांगितलं. तू सांगशील?"

मी नाही सांगितलं. उलट दुसऱ्या दिवशी आणखी सावकाश वाचलं.

लुसिया रजा काढून तिच्याबरोबर माद्रिदला गेली. परत आल्यावर तिने मला सगळं सांगितलं. एकोणीस टेक झाले. चौथ्या पानापुढे मावशी गेली नाही. दिग्दर्शकाने तिचा हात धरून माफी मागितली, आणि ती वाक्यं दुसऱ्या नटीला दिली. मावशीला त्याच प्रसंगात मागे खुर्चीवर नुसतं ऐकत बसवलं.

"कुणी आवाजसुद्धा चढवला नाही," लुसिया म्हणाली. "कुणी ओरडलं असतं तर मला भांडता तरी आलं असतं."

तो भाग टीव्हीवर आला तोवर मावशी मला कधी लुसिया म्हणायची, कधी काहीच नाही. आम्ही तिघींनी तो लुसियाच्या सोफ्यावर बसून पाहिला. पडद्यावर पुढे ती दुसरी नटी सात पानं बोलत होती. मावशीचं लक्ष तिच्याकडे नव्हतं.

"ती मागे बसलीय ती कोण?" तिने विचारलं. "काय सुंदर ऐकते!"

लुसिया उठून स्वयंपाकघरात गेली. मी मावशीला तिचंच नाव सांगितलं, आडनावासकट.

तिने थोडा विचार केला. "नाही ऐकलं कधी," म्हणाली, आणि पुढचा भाग लावायला सांगितला.