शाबासकी फक्त राजाला

मामांच्या तोंडून ‘शाबास’ ऐकायचं तर कासवाचाच जन्म घ्यायला हवा होता. माणसाला त्यांनी तो शब्द कधी दिल्याचं मला तरी आठवत नाही.

मामा म्हणजे चेन्नईत नुंगंबाक्कममधले माझे घरमालक. तंजावरकडचे मराठी, गिंडीच्या एका कारखान्यातून कामगार अधिकारी म्हणून निवृत्त झालेले. मी नाशिकहून सिरुसेरीत नोकरीला आलो आणि मराठी घर मिळतंय म्हणून रोज तासन्‌तास बसमध्ये काढायला तयार झालो. हौस, दुसरं काय! तर निवृत्तीनंतर हाताखाली कोणी उरलं नाही, म्हणून मामांनी कासव पाळलं. नाव राजा.

रोज सकाळी सातला गॅलरीत, त्याच्या टाकीशी शिकवणी. काडीच्या टोकाला लाल मणी. राजानं त्याला नाक लावलं की एक दाणा आणि खणखणीत ‘शाबास!’ नाही लावलं तर उपास. “आधी काम, मग दाणा. माणूस असो, जनावर असो,” मामा मला ऐकवायचे. रोजची प्रगती वहीत लिहायचे.

आत मामी सांबार, भात, दोन भाज्या रांधत असायच्या. एकदा न राहवून मी म्हटलं, “मामा, मामींनाही एकदा शाबास म्हणा की!”

“तिला कशाला? चाळीस वर्षं करते, येणारच!”

मामी हसल्या, पण चेहरा पडला. त्या एका शब्दाची बाईला आस होती हो. मामा सोडून सगळ्यांना ते दिसत होतं.

इकडे राजा पहिल्या आठवड्यानंतर काही केल्या शिकेना. मणी दिसला की मान आत. “मंद आहे,” मामांनी निकाल दिला. एका दुपारी मी घरूनच काम करत होतो, तेव्हा खरी गोष्ट कळली. मामा घोरत होते आणि मामी टाकीत मूठभर दाणे टाकून वर कीरैची, म्हणजे पालेभाजीची, कोवळी पानं सोडत होत्या.

“पावम रे, बिचारा! आपण जेवायचं आणि घरचा जीव उपाशी बघत बसायचा?”

पोट तुडुंब भरलेलं असताना तो शहाणा मण्याला कशाला नाक लावतोय!

पुढे मामांनीच त्यांना रंगेहाथ पकडलं. “चार महिन्यांची मेहनत मातीत घातलीस! अय्यो, एका कासवाएवढी तरी अक्कल हवी!”

दुसऱ्या दिवशी मामी मुलीकडे कोइंबतूरला निघून गेल्या.

पंधरा दिवसांत राजानं खाणं टाकलं. मामा खानावळीच्या डब्यातला गार भात घेऊन टाकीशी बसलेले दिसायचे. एरवी इतकं चिडवायचो मी त्यांना, पण तेव्हा जवळ जाऊन बसलो.

“ती काय घालायची, फोन करून विचार रे,” ते म्हणाले.

मला ठाऊक होतं, तरी म्हटलं, “तुम्हीच विचारा.”

मामांनी स्पीकरवर फोन लावला. बराच वेळ नुसतेच खाकरले.

“तुझ्या हातचं... बरं असायचं. आठवण येते त्याला.”

“त्याला की तुम्हाला?” मामींनी विचारलं.

मामांनी माझ्याकडे पाहिलं, टाकीकडे पाहिलं आणि फोन ठेवून दिला.

मी चेन्नई सोडली त्याला वर्ष झालं. मामी अजून मुलीकडेच आहेत.