जोत मागावी लागते

तुमसरहून कटंगीला जाणारी बस राज्याची सीमा कधी ओलांडते ते कळतही नाही. पाट्या हिंदी होतात, एवढंच. दोन्ही बाजूंना धान कापून झालेली रिकामी शेतं होती. मी निघाले होते जोतवाल्यांना भेटायला. उजेड जिवंत आहे असं मानणारा हा इवलासा पंथ. देऊळ नाही, मूर्ती नाही, गुरू नाही. घरात एक जोत, आणि तीही दुसऱ्या जोतीवरून लावलेली. काडीने पेटवलेल्या दिव्याला हे लोक जोत म्हणतच नाहीत. असं काही अजून शिल्लक आहे या कल्पनेनेच मी हुरळून गेले होते.

कंडक्टरने भलत्याच फाट्यावर उतरवलं. बराच वेळ पायपीट केल्यावर एका दूधवाल्याने मोटरसायकलवर घेतलं. "जोतवाले? अब एक ही घर बचा है, दीदी," तो म्हणाला. "आज वहाँ सब जमा हैं." सण असेल असं समजून मी खूश झाले.

सुभद्राआजींच्या अंगणात चारपाच माणसं गप्प बसली होती. आजींनी मी कोण, कुठली, काही विचारलं नाही. "पयले जेव, मंग इच्यार," म्हणाल्या. भात आणि खाटी भाजी (अंबाडीची) पुढे आली. भूक अशी लागली होती की मी दोनदा भात मागून घेतला.

जोत आतल्या खोलीत होती. मातीच्या पणतीत टोळीचं (मोहाच्या बियांचं) तेल आणि बोटभर ज्योत. मी तिच्यासमोर बसून विचारलं, "आजी, उजेड जिवंत आहे म्हणजे नेमकं काय?"

"तुले वाटते, उजेडानं आपल्याले दिसते. तसं नाही वं. उजेड आपल्याकडे पाह्यते, म्हनून आपन असतो. ज्याच्याकडे कोनीच पाह्यत नाही, ते सरत जाते."

"मग सूर्य आहेच की."

"सूर्य सगळ्याइकडे पाह्यते. जोत आपल्याकडे पाह्यते."

मी हट्टाने छताच्या बल्बकडे बोट दाखवलं. "आणि तो?"

"त्याले मरन कुठं हाय? बंद होते, चालू होते. ज्याले मरन नाही, ते जित्तं कसं?"

वादात मी सहसा हरत नाही. इथे मीच आधी उठले.

बाहेर आल्यावर शेजारच्या रमेशभाऊंनी मला खरं काय ते सांगितलं. सकाळपासून जोतीत तेल घातलं नव्हतं. आजींचे गुडघे गेले, नजरही अधू झाली. मुलगा सुनील त्यांना आज बालाघाटला कायमचा नेणार होता. सण कसला, जोतीला शेवटची सोबत करायला सगळे जमले होते. ती फुंकायची नाही, विझवायची नाही. तेल थांबवायचं आणि जवळ बसायचं. तेही दिवसा, म्हणजे जाताना तिला अंधार दिसू नये.

"पण सुनीलला देता येईल की!"

"देता नाही येत, बाई. मांगा लागते. अन् मांग म्हनून सांगताही येत नाही. बुढी कवापासून पोराच्या तोंडाकडे पाहून राह्यली."

"मग तुम्ही मागा."

"माह्या घरची गेली पावसाळ्यात. ज्याची गेली, त्याले पुन्हा मांगता येत नाही." ते उठून आत गेले.

सुनील भला माणूस. आईचं सामान बांधताना सारखा धीर देत होता, "अम्मा, उधर लाइट जाती ही नहीं." आजी हौ हौ म्हणत होत्या. मला त्याच्या कानात ओरडावंसं वाटलं.

शेवटी मलाच राहवेना. "आजी, मला द्या जोत," मी म्हटलं. सगळे वळले. आजींचा चेहरा असा उजळला की मला भीतीच वाटली.

"घरी कोन हाय तुह्या?"

"मी एकटीच."

"अन् तू बाहीर गेली म्हंजे?"

"कुलूप असतं."

आजींनी माझा हात हातात घेतला. "नाही देत, पोरी. जित्त्याले कुलपात कोंडत नाही. तुह्याच घरी तुह्याकडे पाह्यनारं कोनी नाही, तिथं ही कोनाकडे पाह्यन?"

त्या रागाने बोलल्या नव्हत्या. पण मला रडू आलं, आणि ते जोतीसाठी नव्हतं.

मग सगळे आत जोतीजवळ जाऊन बसलो. जोतीला रोज घरचं सांगायचं, अशी यांची रीत. आजींनी सांगितलं, "धान घरात आलं. सुनील आला हाय. पाव्हनी जेवली." दारातून ऊन आत आलं होतं. त्या उन्हात ज्योत दिसेनाशी झाली. "गेली का?" कुणीतरी विचारलं. कुणालाच नक्की सांगता येईना. आजींनी वातीवर तळवा धरला, बराच वेळ.

"हौ. गेली."

सुनीलने घराला कुलूप लावलं. आजी मागे न बघता गाडीत बसल्या.

मी परत आले. दार उघडून बटण दाबलं, खोली लगेच दिसली. आजींचं म्हणणं मला अजूनही पटलेलं नाही. उजेड म्हणजे उजेड, तो कुणाकडे बघत-बिघत नाही. तरी बॅग खाली ठेवून मी मोठ्याने म्हटलं, "आले बरं का." आणि तिथेच उभी राहिले. कुणीही माझ्याकडे बघत नव्हतं.