लिटरला सोळा

वत्सलाबाई थेट्यांचा उजवा खांदा डाव्यापेक्षा बोटभर खाली आहे. पंचवटीतली आशा शिंपीण त्यांचे ब्लाउज शिवते, ती न विचारता तेवढा फरक धरून कापते. बाकीच्यांना वाटतं, जन्मापासून असेल, नाहीतर घागरी वाहून झालं असेल. घागरींना कशाला दोष द्यायचा! हा खांदा देवराम थेट्यांच्या डिझेल गाडीनं उतरवला, आणि त्याचा हिशेब आजवर कोणी विचारला नाही.

देवराम म्हणजे वत्सलाबाईंचे यजमान. सातपूरच्या एका कारखान्यात सुपरवायझर. विडी नाही, तंबाखू नाही, पत्ते नाहीत. वीस-बावीस वर्षं संसार झाला तरी बायकोवर हात उचलला नाही, आणि एवढ्यावर आपण देवमाणूस आहोत अशी त्यांची पक्की समजूत. सत्त्याण्णव साली त्यांनी एक सेकंडहँड गाडी घेतली. पुढं तिघं, मागं समोरासमोर बाकं, सगळं कुटुंब मावेल अशी. तेव्हा पेट्रोल आणि डिझेलच्या भावात जमीन-अस्मानाचा फरक होता, आणि तो फरक जणू स्वतःच शोधून काढल्यासारखे देवराम गल्लीत मिरवायचे. कोणी भेटलं की नमस्काराआधी अ‍ॅव्हरेज.

"लिटरला सोळा! आणि रस्त्यात कधी सोडलं नाही. घोड्यासारखी गाडी आहे."

दुसऱ्याच वर्षी त्या घोड्याचा सेल्फ, म्हणजे स्टार्टर, गेला. चावी फिरवली की नुसतं कट्ट. पेठ रोडच्या वाल्मीक मिस्त्रीनं पाहिलं आणि सांगितलं, नवा बसवा, जुन्यात दम राहिला नाही. देवराम घरी आले, दारातल्या उताराकडं त्यांनी बघितलं आणि त्यांच्या चेहऱ्यावर समाधान पसरलं. घर गोदावरीकडं उतरणाऱ्या गल्लीत. गाडी वरच्या अंगाला लावायची, पुढच्या चाकाखाली धोंडा द्यायचा. सकाळी धोंडा काढला की गाडी घरंगळते, सेकंड गिअर टाकून क्लच सोडला की भडभडून सुरू होते.

"देवानं उतार फुकट दिलाय, मग सेल्फला पैसे कशाला घालायचे?"

धोंडा वत्सलाबाईंनी काढायचा. कारण देवराम स्टिअरिंगवर.

आणि जिथं देवानं उतार दिलेला नाही, तिथं देवानं बायको दिली होती. बाजारात, देवळापाशी, लग्नाच्या हॉलसमोर. भरजरी साडीचा पदर कमरेला खोचून, दोन्ही तळहात मागच्या पत्र्यावर टेकून, उजवा खांदा लावून ढकलायचं. आतून आवाज यायचा, "जोर लाव! अगं, जोर लाव!" गाडी सुरू झाली की देवराम थांबायचे नाहीत, बंद पडेल म्हणून. तशीच हळूहळू पुढं न्यायचे. वत्सलाबाईंनी काळ्या धुरातून धावत जाऊन, चालत्या गाडीचं दार धरून आत चढायचं. एकदा सीबीएस स्टँडच्या सिग्नलवर बंद पडली तेव्हा मागचे रिक्षावाले शिट्ट्या मारत होते. एक जण म्हणाला, "मावशी, तुमचं अ‍ॅव्हरेज काय?" देवराम हसले. त्यांना तो विनोद वाटला.

चमडी जाईल पण दमडी जाणार नाही, असं चिक्कू माणसाला म्हणतात. पण निदान म्हणीतली चमडी त्याची स्वतःची तरी असते.

हळूहळू थेट्यांची नाती उतारावर ठरायला लागली. इंदिरानगरच्या मावसभावाकडं जाणं बंद झालं, कारण तिकडं सगळी सपाटी. टेकडीवर राहणारा एक साधा ओळखीचा माणूस मात्र घरोब्याचा झाला, कारण त्याच्या दारात झकास उतार. आणि वत्सलाबाईंचं माहेर, घोटीजवळचं, भातखाचरांच्या अगदी मधोमध, हातावर घेतलेल्या भाकरीसारखं सपाट. देवराम गाडी हायवेच्या भरावावरच लावायचे आणि तिथंच बसायचे. वत्सलाबाई पिशव्या घेऊन बांधावरून चालत घरी जायच्या, तासाभरात परत यायच्या.

त्यांची आई कुसाबाई दारातून वर रस्त्याकडं बघायची. "जावई खाली का येत नाय गं? आमचं काय चुकलं?"

"गुडघे दुखतात त्यांचे," वत्सलाबाई सांगायच्या. स्वतःच्या आईशी खोटं बोलायच्या, एका स्टार्टरपायी.

कुसाबाई गेली. दहाव्याला नदीवर पिंड ठेवले, माणसं मागं सरून उभी राहिली, कावळे समोरच्या आंब्यावर जमले. एक खाली उतरलाही होता. तेवढ्यात वर रस्त्यावरून हॉर्न. लांबलचक, थांबता थांबेना. देवरामांच्या गाडीपुढं, उतारावर, कोणीतरी ट्रक लावला होता. सगळे कावळे उडून गेले. परत शिवायला दुपार टळली. लोक म्हणाले, म्हातारीची काहीतरी इच्छा राहिली. आईची इच्छा काय होती ते वत्सलाबाईंना चांगलं ठाऊक होतं, जावयानं एकदा घरात येऊन चहा प्यावा, एवढीच. त्या दिवशी त्यांच्या पोटात जो राग बसला तो पुन्हा उठला नाही. तो तिथंच चुलीतल्या निखाऱ्यासारखा राखेखाली राहिला.

पुढं लेकीचं, पल्लवीचं लग्न ठरायला आलं. मुलगा लासलगावचा, नाव शेखर. कांद्याच्या व्यापारातलं घर, स्वतःचं मोठं खळं. ते लोक येऊन पल्लवीला बघून गेले होते. मुलगा बोलायला साधा, आणि पल्लवी त्या दिवसापासून उगाच आरशासमोर रेंगाळायला लागली होती. ज्या पोरीनं आधीच्या तीन स्थळांना तोंड वाकडं केलं, ती आता आईला विचारत होती, "लासलगावला उन्हाळा फार असतो का गं?" वत्सलाबाईंना आणखी काय हवं होतं? राहिला फक्त रिवाज, मुलीकडच्यांनी जाऊन घर बघून यायचं.

दोन हजार चारच्या जानेवारीत ते निघाले. देवराम, वत्सलाबाई आणि घोटीहून आलेला वत्सलाबाईंचा भाऊ हिरामण. लासलगावच्या रेल्वे फाटकात बराच वेळ गेला, पण देवरामांनी इंजिन बंद केलं नाही. गाडी घरासमोर आली आणि त्यांचा चेहरा पडला. खळं म्हणजे केवढं खळं! एका टोकाला कांद्याच्या चाळी, दुसऱ्या टोकाला बंगला, आणि मध्ये चोपून सारवल्यासारखी सपाट जमीन. लिंबू ठेवलं तर हलणार नाही.

देवरामांनी गाडी दारात लावली, इंजिन तसंच चालू ठेवलं आणि आत जाऊन दाराजवळच्या खुर्चीच्या कडेवर बसले.

शेखरचे वडील लहानूआबा मोकळ्या स्वभावाचे. ते म्हणाले, "पाव्हणं, गाडी बंद करा की. डिझेल का जाळता फुकट?"

ज्या माणसानं डिझेलच्या थेंबापायी बायकोचा खांदा घालवला, तो म्हणाला, "असू द्या, असू द्या. डिझेल गाडी तापलेली ठेवलेली बरी असते."

आत स्वयंपाकघरात शेखरची आई विमलाबाई वत्सलाबाईंना घर दाखवत होत्या. पुरणपोळीचा बेत होता. तुपाची वाटी दाखवून त्या म्हणाल्या, "पोरीला माझ्या काय आवडतं ते आधीच सांगून ठेवा बरं का." माझ्या पोरीला, असं म्हणाल्या. वत्सलाबाई पल्लवीच्या आवडी सांगायला लागल्या. आणि तेवढ्यात बाहेरची धडधड थांबली.

झालं होतं असं, की शेखरनं विचार केला, पाहुणे संकोचतायत. ट्रॅक्टरच्या घरातला पोरगा, डिझेल इंजिन बंद करायला कुठला दांडा ओढायचा ते त्याला कोणी शिकवायला नको. बाहेर जाऊन त्यानं इंजिन बंद केलं आणि येऊन म्हणाला, "काका, केली बंद. आता निवांत जेवा."

देवराम जेवले, पण कसं? पुरणपोळीचा घास तोंडात नुसता फिरत होता. त्यांची नजर सारखी दारातून बाहेर. चाळीपाशी हमाल कांदा भरत होते, दोन व्यापारी खाटेवर बसले होते, शेजारच्या बाया ओट्यावर येऊन टेकल्या होत्या. आता निघताना सगळं घर निरोप द्यायला दारात येणार. ओटी भरणार, हात हलवणार. आणि त्या सगळ्यांसमोर 'घोड्यासारखी गाडी' नुसतं कट्ट करणार.

झाकली मूठ झाकलेलीच राहावी म्हणून माणूस काय करेल? देवराम थेट्यांनी हात धुतले, पुसले आणि म्हणाले, "आबा, स्पष्ट बोलतो. आम्हाला जरा विचार करावा लागेल. घर असं खळ्यात, चोवीस तास धुरळा, कांद्याचा वास. आमची मुलगी शहरात वाढलेली आहे."

लहानूआबांच्या हातातला पानाचा डबा तसाच राहिला. शेखरनं मान खाली घातली.

"बरं," आबा सावकाश म्हणाले. "तुमची पोरगी, तुमची मर्जी. आम्ही धुरळ्यातलीच माणसं. या मग."

आणि ते उठून आतल्या खोलीत गेले. विमलाबाईंनी ओटीचं ताट जिथं होतं तिथं ठेवून दिलं. निरोप द्यायला उंबऱ्यापर्यंत कोणी आलं नाही, ओट्यावरच्या बायाही उठून गेल्या आणि मागं दार लागलं. देवरामांना हेच हवं होतं.

वत्सलाबाई सुन्न होऊन बाहेर आल्या. त्यांना काही कळेना. वास? धुरळा? हा माणूस येताना सगळी वाट म्हणत होता की पोरीनं नशीब काढलं! मग त्यांनी बघितलं, देवराम लगबगीनं स्टिअरिंगवर बसले, मागं वळून बंद दाराकडं एक नजर टाकली आणि खिडकीतून हळूच म्हणाले, "चल, लवकर. कोणी बाहेर यायच्या आत. हिरामण, तूही लाव हात. जोर लावा."

तेव्हा डोक्यात लख्ख उजेड पडला. सवयीनं वत्सलाबाईंचा पदर कमरेला खोचला गेला होता. तळहात पत्र्यावर टेकले होते. खांदा आपोआप पुढं झाला होता. पत्रा अजून कोमट होता. या माणसानं पोरीचं ठरत आलेलं लग्न मोडलं. का? तर गाडीला धक्का मारताना कोणी बघू नये! आईच्या पिंडावरचे कावळे उडवले, आणि आता लेकीच्या डोक्यावरच्या अक्षता उडवतो.

त्यांनी हात काढून घेतले.

"अक्का?" हिरामण म्हणाला.

त्या वळल्या आणि खळ्यातून सरळ दाराकडं गेल्या. शहरात राहून कमावलेली भाषा वाटेतच गळून पडली.

"विमलाबाई! आबा! भायेर या! समदे भायेर या!"

हमालांचे हात थांबले. व्यापारी खाटेवरून उठले. दार उघडलं, लहानूआबा बाहेर आले, मागं विमलाबाई, शेखर. देवराम गाडीतून ओरडले, "अगं, काय वेडबिड लागलं का तुला?"

"गप बसा तुम्ही!" वत्सलाबाई म्हणाल्या. सगळ्या आयुष्यात पहिल्यांदा म्हणाल्या. "आबा, तुमच्या घरात खोट नाय. धुरळ्यात नाय, वासात नाय. खोट आमच्या गाडीत हाय. तिचा सेल्फ कैक वर्सं मेलाय. धक्क्याशिवाय ती हालत नाय, आन् धक्का मी मारते. तुम्ही निरोपाला भायेर आले आस्ते तर ह्यांची अब्रू गेली आस्ती, म्हणून ह्यांनी तुमच्या घराला नाव ठिवलं. मपल्या आईच्या दारात हे कधी आले नाय, का तर जमीन सपाट. आता पोरीचं बी तेच करायला निघाले. लय झालं!"

त्यांचा आवाज फाटला, पण डोळ्यांत पाणी नव्हतं. त्यांनी खांदा पुढं केला. "हे बघा. लोक ह्यांना अ‍ॅव्हरेज इचारत्यात. हे घ्या, लिटरला सोळा!"

खळ्यात कोणी हसलं नाही. विमलाबाई पुढं आल्या, त्यांनी त्या खांद्यावर हात ठेवला आणि तो किती खाली आहे ते हातानंच पाहिलं.

"विहीणबाई," त्या म्हणाल्या. हा शब्द त्यांनी मुद्दाम वापरला. "मपल्याकून काय पायजे तुम्हाला? बोला."

"एकच. देणंघेणं नाय, मानपान नाय. मपल्या पोरीला कोणाच्या मागं असं ढकलायला लावायचं नाय."

"नाय लावणार," विमलाबाईंच्या आधी शेखर बोलला. आणि पोरगा लगेच बाह्या सारून गाडीच्या मागं जायला निघाला.

"तुम्ही नाय!" वत्सलाबाईंनी त्याचा हात धरला. "जावयानं कशाला? ज्याची गाडी त्यानं ढकलावी. हिरामण, तू ट्रॅक्टर चालवतो ना? बस स्टिअरिंगवर."

हिरामण दाजींच्या दाराशी जाऊन अदबीनं उभा राहिला. देवरामांनी लहानूआबांकडं बघितलं, आबा पानाला चुना लावत होते. व्यापाऱ्यांकडं बघितलं. शेवटी ते उतरले. इस्त्रीच्या शर्टाच्या बाह्या दुमडत गाडीच्या मागं गेले. त्यांच्याकडं खोचायला पदरही नव्हता.

विमलाबाईंनी आतून ओटीचं ताट आणलं. दारातच वत्सलाबाईंची ओटी भरली, कुंकू लावलं. घाई कोणीच केली नाही. देवराम तोवर पत्र्यावर हात टेकून उभे होते. मग वत्सलाबाई पुढं बसल्या, दार लावून घेतलं, मांडीवरचा नारळ नीट धरला. गाडी सुरू होण्याआधी त्या आत बसल्या आहेत, असं आजवर कधी झालंच नव्हतं.

गाडी तसूभर हलली आणि थांबली. मागून धापा ऐकू आल्या. पुन्हा हलली, पुन्हा थांबली.

वत्सलाबाईंनी खिडकीची काच खाली केली. मागं वळून बघितलं नाही. समोर बघत, सगळ्या खळ्याला ऐकू जाईल अशा आवाजात त्या म्हणाल्या, "अहो, जोर लावा!"