कोंड्यावर परत घेतलेला मनश्शे

माझ्या धाकट्या भावाचं पहिलं नाव मनश्शे. आम्ही हिंदू, घर दर्यावर्दी, बाबा गलबतावर तांडेल. रत्नागिरीच्या आमच्या आळीत असलं नाव त्याआधी कोणी कानानेही ऐकलं नव्हतं. ऐकणारा आधी हसायचा आणि मग विचारायचा, "म्हणजे काय गो?" मला अर्थ ठाऊक होता, पण मी सांगत नसे. हसणाऱ्याला काय म्हणून सांगायचं?

माझ्या पाठीवर आईला तीन मुलगे झाले आणि एकही वर्षाचा झाला नाही. मी मात्र दगडासारखी टिकले, आणि हे मला आळीतल्या बायांनी पुष्कळदा ऐकवलं. चौथ्या खेपेला सुईण आईला म्हणाली, "ह्यो तुजा म्हणून ठेवू नको. दुसरीच्या ओटीत घाल. तिचा म्हणून वाढव." ही रीत आमच्याकडे सगळ्यांना माहीत होती. ज्या घरातली मुलं जातात त्या घरातलं नवं मूल जन्मताच परक्या बाईच्या ओटीत द्यायचं. नाव तिने ठेवायचं. मूल दूध आईचंच पितं, झोपतं आईजवळच, पण आईने त्याला 'माझं' म्हणायचं नाही. पुढे ते चालतंबोलतं, धडधाकट झालं की सूपभर कोंडा देऊन त्याला परत विकत घ्यायचं आणि मग खरं नाव ठेवायचं. म्हणून तर आमच्याकडे इतके धोंडू, दगडू नि केरू. यमाला हाव सुटू नये अशी ती नावं.

आईने ओटी निवडली ती शेजारच्या काकीची. मध्ये जांभ्याच्या दगडांचा कमरेएवढा गडगा, पलीकडे त्यांचं घर आणि तेलाचा घाणा. ती माणसं इस्राएली, म्हणजे कोकणातलेच यहुदी. लोक त्यांना शनवार तेली म्हणत, कारण शनिवारी त्यांचा घाणा बंद. आठवड्यातला एक दिवस बैलालासुद्धा रजा असते, याचं मला लहानपणी फार अप्रूप होतं. काकी आमच्यासारखीच नऊवारी नेसायची, आमच्यासारखीच बोलायची. तिचे दोन मुलगे मोठ्या तापाच्या साथीत एका आठवड्यात गेले होते. त्यानंतर तिला मूल झालं नाही.

बाया आईला म्हणाल्या, जिची दोन गेली तिच्या ओटीत घालतेस? खुळी की काय? आईचं उत्तर ठरलेलं होतं. "तिच्याकडे तो येऊन गेला. आता तिथे बगायला तो कशाला परत येतोय?"

मूल दारातून न्यायचं नव्हतं. सुईणीने ते गडग्यावरून पलीकडे दिलं आणि काकीने पदरात घेतलं. मी आईच्या खाटेजवळून खिडकीतून बघत होते. काकीने त्याच्याकडे पाहिलंच नाही, आधी वर आभाळाकडे बघितलं आणि मग एकदम खाली बसली. मला वाटलं, पडली.

आठव्या दिवशी तिने नाव ठेवलं. काका, म्हणजे तिचा नवरा, बावरून गेला होता. "नाव नुसता उच्चारायचा हां," तो तिला पुन्हा पुन्हा बजावत होता, "बाकीचा काय करायचा नाय." बाकीचं म्हणजे सुंता, हे मला पुष्कळ वर्षांनी कळलं आणि मी एकटीच हसले. काकीने पोहे, गूळ, ओलं खोबरं आणि केळी कालवून मलिदा केला, त्यांच्या नबीच्या नावाने ताट मांडलं, आणि मुलाच्या कानात म्हणाली, मनश्शे.

त्या नावाची गोष्ट तिने मला वेणी घालताना सांगितली. फार जुन्या काळी योसेफ नावाचा मुलगा होता. त्याच्या सख्ख्या भावांनी त्याला परदेशी व्यापाऱ्यांना विकलं. तो मिसर देशात गेला, तुरुंगात पडला, मग मोठा कारभारी झाला. तिथे त्याला मुलगा झाला, तेव्हा तो म्हणाला, देवाने मला माझे सगळे कष्ट विसरायला लावले, बापाचं घरसुद्धा विसरायला लावलं. म्हणून मुलाचं नाव मनश्शे. विसरायला लावणारा.

"मग तुमच्यात हे नाव कोणाचंच कसं नाही?" मी विचारलं.

उत्तर ओटीवरून काकाने दिलं. त्या नावाचा पुढे एक राजा झाला आणि तो वाईट निघाला. देवाला सोडून मूर्ती... एवढं बोलून काकाची नजर आमच्या तुळशीकडे गेली, तो खोकला आणि म्हणाला, "वाईट कामां केलीन त्याने." तेव्हापासून ते नाव कोणी सहसा ठेवत नाही. म्हणजे तेही एक प्रकारचं दगडूच. कोणाला हवंसं न वाटणारं.

गोष्टीतला एक भाग मला मुळीच आवडला नाही. योसेफाचा म्हातारा बाप नातवांना आशीर्वाद द्यायला बसला तेव्हा त्याने हातांची फुली केली. उजवा हात धाकट्या एफ्राईमच्या डोक्यावर आणि थोरल्या मनश्शेच्या वाट्याला डावा. मी थोरली होते. मला असल्या म्हाताऱ्यांचा राग यायचा, आजही येतो. काकी माझी वेणी ओढून म्हणाली, "म्हणून तर मी ह्येच्या डोक्यावर उजवाच हात ठेवतंय. तेवढी चूक दुरुस्त."

दर शुक्रवारी तिन्हीसांजेला तो गडग्यावरून पलीकडे जाई. पहिल्यांदा माझ्या कडेवर बसून, मग स्वतः चढून. काकी खोबरेल घातलेला काचेचा दिवा लावायची, भिजवलेल्या मनुकांचं सरबत करायची. मग तो तिच्यापुढे उभा राहून मान खाली घाली, डोकं पुढे करी, आणि ती उजवा हात ठेवून त्यांच्या प्रार्थनेच्या भाषेत काही म्हणे. देव तुला एफ्राईम आणि मनश्शेसारखा करो, असा त्याचा अर्थ. मला त्यातली ती दोन नावंच ओळखू यायची. घरी आल्यावर त्याच्या तोंडाला मनुकांचा वास यायचा आणि आई पदराने ते तोंड जरा जास्तच जोराने पुसायची.

आईचे हाल मला तेव्हा कळत नव्हते. कोणी विचारलं, मुलगा तुमचा का, तर तिला म्हणावं लागे, "तेलणीचा आहे." स्वतःच्या मांडीवरच्या मुलाबद्दल. ती त्याला बाळा म्हणायची, सोन्या म्हणायची, मनश्शे एकदाही म्हणाली नाही. काकीने एकदा अर्थ सांगायला सुरुवात केली तर आई उठून आत गेली. "अर्थबिर्थ मला सांगू नको गो. ते नाव तुजा. मला माजा पोर पायजे."

तो पाचाचा झाला, सहावं लागलं. पावसाळ्यात गलबतं वर ओढलेली, बाबा घरी. त्यांनी त्याला शाळेत नेला. मास्तरांनी नाव विचारलं, बाबांनी सांगितलं, मास्तरांनी परत विचारलं. त्याआधीच गलबतावर खलाशी हळूच म्हणत होते, तांडेलाचा पोर बाटला की काय. बाबा समुद्राला भीत नसत, पण माणसांच्या हसण्याला फार भीत. घरी येऊन ते आईला म्हणाले, "कोंडा काढ."

आईने तो आधीच चाळून ठेवला होता. सूप भरून ती गडग्यापाशी गेली आणि काकीच्या ओटीत तिने कोंडा ओतला. काकीने मुलाला उचलून गडग्यावर उभा केला, बाबांनी घेतला. तो हसत होता, त्याला वाटलं खेळ आहे. आई रडत होती, आनंदाने, आणि त्या आनंदाची मला लाज वाटली, कारण पलीकडे काकी ओटीतला कोंडा धरून तशीच उभी होती. शेवटी काकाने तिला हाताला धरून आत नेलं.

रीत अशी की परत घेतल्यावर जुनं नाव कोणीच तोंडात घ्यायचं नाही. घेतलं तर ज्याला चकवलं त्याला पत्ता लागतो. काकीने ते इतकं पाळलं की मला तिचा राग यायचा. तो अंगणात खेळत असला, पडला, त्याचा गुडघा फुटला, तरी ती हाक मारायची नाही. नवं नावही तिने कधी घेतलं नाही. नुसती गडग्यापाशी येऊन उभी राहायची. आई त्याला शुक्रवारी संध्याकाळी काही ना काही कामाला धरून ठेवायची, आणि थोड्याच दिवसांत तो पलीकडे जायचं विसरला. मुलं विसरतातच. शाळेतल्या नावाने तो शिकला, भांडला, भाट्याच्या खाडीत पोहला, बाबांसारखा तांडेल व्हायचं म्हणू लागला.

त्याला बारावं सरून तेरावं लागलं, त्या शिमग्यानंतर तो तापाने पडला. मुदतीचा ताप. बाबा मलबारच्या बाजूला गेलेले. डॉक्टर येत, औषधाची बाटली देत, कपाळावर ओलं फडकं ठेवा म्हणत आणि जात. तिसऱ्या आठवड्यात त्याने आम्हाला ओळखणं सोडलं. मी त्याच्या नावाने हाका मारत होते, आई मारत होती. त्याचे डोळे उघडे होते, पण तो आमच्याकडे बघत नव्हता.

त्या दुपारी आई उठली आणि दारातून न जाता गडग्यापाशी गेली. मी मागोमाग. घाणा चालू होता. आईने हाक मारली, काकी बाहेर आली.

"परत घे गो त्याला," आई म्हणाली. "तुजाच हाय तो. मी चुकलंय. घे आणि त्या नावान हाक मार."

काकी मागे वळली. आत गेली. मला वाटलं, बरोबर आहे, का यावं तिने? आम्ही तिला इतकी वर्षं काय दिलं? मग माळ्यावर काही तरी सरकवल्याचा आवाज झाला आणि ती एक डबा घेऊन बाहेर आली. सगळी आळी समजत होती की तो कोंडा तिने बैलाला घातला असेल. तिने तो ठेवला होता. त्यात किडे होऊन गेले होते, अर्धं पीठ झालं होतं. तिने तो आईच्या पदरात ओतला. म्हणाली, "ह्यो तुजा कोंडा. पोर माजा." आणि लुगडं सावरत गडगा चढून आमच्या बाजूला उतरली.

खाटेजवळ बसून तिने त्याच्या कानाशी तोंड नेलं. "मनश्शे."

त्याने डोळे तिच्याकडे वळवले नाहीत. ओ दिली नाही. पण त्याने मान हलवली. उशीवरून डोकं उचलायची ताकद नव्हती, तरी हनुवटी छातीकडे नेत त्याने डोकं पुढे केलं, शुक्रवारी करायचा तसं. आम्हाला वाटत होतं तो विसरला. काकीने उजवा हात त्याच्या डोक्यावर ठेवला आणि म्हणायला लागली, पण तिचा आवाज त्या दोन नावांपर्यंत पोचला नाही.

तो दुसऱ्या दिवशी सकाळी गेला.

त्याचं सगळं आमच्या रीतीने झालं. माझ्या काही लक्षात राहिलं नाही. लक्षात राहिलं ते एवढंच की पलीकडचा घाणा करकरत नव्हता, आणि शनिवार नव्हता. मी गडग्यावरून पाहिलं. काकी जमिनीवर बसली होती, चोळी गळ्यापाशी फाडलेली. त्यांच्यात घरचं माणूस गेलं की सात दिवस असं बसतात. काका दारात उभा होता. मला बघून हळूच म्हणाला, "नियमात बसत नाय. पण तिला सांगणार कोण?" घाणा त्यानेच थांबवला होता आणि बैल माडाखाली बांधला होता.

मी घरी येऊन आईला सांगितलं. आईला सुतक, तिने उंबरा ओलांडायचा नव्हता. ती ऐकून घेऊन उठली, गडगा चढली आणि जाऊन काकीशेजारी जमिनीवर बसली. मीही गेले. आईने विचारलं, "त्या नावाचा अर्थ काय गो?"

काकीने माझ्याकडे पाहिलं. तिला सांगवेना, हे मला कळलं, म्हणून मीच सांगितला. विसरायला लावणारा.

आई जमिनीकडे बघत राहिली. मग आयुष्यात पहिल्यांदा तिने ते नाव घेतलं. "मनश्शे," ती म्हणाली, तो बाहेर अंगणात असावा इतक्या साध्या आवाजात. "मग लाव रे बाबा. आमाला दोघींना लाव विसरायला."