भिंतीजवळ उभा राहणारा मेश्राम

प्रज्ञाचा फोन आला तेव्हा मी डेन्व्हरच्या किराणा दुकानात मेथी निवडत होतो. "काका, बाबा गेले," एवढंच ती म्हणाली. खरं सांगतो, माझ्या मनात आधी वैतागच आला. आमचा वाद अर्ध्यावर टाकून गेला हा माणूस!

सुधाकर मेश्राम, पुलांची डिझाइन करणारा इंजिनिअर, माझा मित्र. शोकसभेत इथल्या मराठी मंडळातले सगळे एकच बोलले... हुशार होता, पण आपल्यात मिसळला नाही, त्या मंगोलियन लोकांतच रमला. बाहेर पार्किंगमध्ये त्याच्या मुलीने, प्रज्ञाने, मला गाठलं. "काका, टेल मी ऑनेस्टली. बाबांना मराठी लोक आवडायचे नाहीत का?" मी "अगं, तसं नाही" म्हणालो आणि गाडीत बसलो. त्या उत्तराने मला अजून स्वस्थता नाही.

मंगोलियन लोकांकडे तो प्रथम गेला वंदनेसाठी. नागपूरच्या इंदोऱ्यातला बौद्ध. इथे डेन्व्हरला घराजवळ विहार होतं ते त्यांचंच. तिथे शनिवारी वंदनेनंतर सिनेमा लागे. एक जुना चिनी कुंग-फूचा सिनेमा सगळ्यांचा लाडका. गावातली कुस्तीची शाळा, परके घोडेस्वार, शेवटी मातृभूमीसाठी तुफान मारामारी. मंगोलियन भाषेतल्या प्रतीत एकच पुरुष सगळ्यांचे आवाज काढतो, नायिकेचासुद्धा. ते परके घोडेस्वार म्हणजे मंगोलच! मेश्रामने तो सिनेमा घरी मला इतक्या वेळा दाखवला की नायकाच्या लाथा मलाच बसल्यासारख्या वाटत.

"काय बे देशपांडे, बघ ना! अभिमानाचा सिनेमा, अन् खलनायक यांचेच पूर्वज. म्हातारे त्यांच्या घोडदौडीला टाळ्या देतात, पोरं नायकाला देतात. एकाच सतरंजीवर बसून!"

"मग? तुला काय त्याचं?"

"शाळेत ऐतिहासिक नाटक बघायचो मी. तलवारी, जयजयकार. मीही टाळ्या वाजवायचो, अन् शोधायचो की यात माझा पणजोबा कुठे आहे. असलाच तर कोपऱ्यात मशाल धरून. हे आपल्या लोकांशी बोलायचंय मला."

महाराष्ट्र दिनाला सिनेमाचा थोडा भाग दाखवून त्याला बोलायचं होतं. मंडळाचा अध्यक्ष मी होतो. समितीत कुणीतरी म्हणालं, "कल्पना छान आहे हो, पण सणाच्या दिवशी जात कशाला?" मी "बघतो" म्हणालो. मी बघितलं ते असं... त्याचा कार्यक्रम कॅन्सल केला, त्याला सांगितलं प्रोजेक्टर बिघडलाय, आणि सभासदांना सांगितलं की मेश्रामनेच माघार घेतली.

त्या दिवशी तो आला. त्याच प्रोजेक्टरवर प्रायोजकांच्या जाहिराती चालू होत्या. "दुरुस्त झाला वाटतं," एवढं म्हणाला, पुरणपोळी खाल्ली आणि गेला. मंडळात पुन्हा आला नाही. चहात साखर किती यावरून तासभर भांडणारा माणूस, नेमका तिथे गप्प बसला! कुणाला सांगितलं नाही, घरीसुद्धा नाही. मला मात्र दर रविवारी फोन करून बाकी सगळ्या विषयांवर छळत राहिला. एकदा शिव्या दिल्या असत्या तर मी सुटलो असतो. तेही सुख त्याने दिलं नाही.

गेल्या महिन्यात प्रज्ञाला सगळं सांगितलं. "अँड यू लेट देम से दॅट? फ्युनरलमध्ये?" मंडळाच्या ग्रुपवरही लिहिलं. "काका, आता कशाला?" असं आलं, खाली हात जोडलेले. म्हणून इथे लिहितो: मेश्राम आपल्यात मिसळायला आला होता. दार मी लावलं.

नंतरच्या शनिवारी प्रज्ञा मला विहारात घेऊन गेली. तिथलं सगळं बघणाऱ्या ओयुनाताईंना तिने विचारलं, बाबा कुठे बसायचे?

"बसायचे कुठे? मध्येमध्ये बोलायचं असायचं ना!" त्यांनी मागची भिंत दाखवली. तिथे डोक्याच्या उंचीवर खोबरेल तेलाचा पिवळट डाग होता. बाकी भिंत नवी, पांढरीशुभ्र. रंगाऱ्याला तेवढी जागा सोडायला सांगितली होती म्हणे. सिनेमा सुरू झाला. प्रज्ञा त्या भिंतीला टेकून उभी राहिली. तिचं डोकं डागाच्या जरा खाली येत होतं.