गच्चीवरची रताळी

रताळ्याचा वेल आणि बिल्डिंगमधले किस्से, दोन्ही एकदा पसरले की आवरत नाहीत. मुलुंडच्या आमच्या जुन्या बिल्डिंगच्या गच्चीवर तर दोन्ही एकदमच पसरले.

* * *

सुरुवात पहिल्या मजल्यावरच्या मालतीकाकूंनी केली. टोपलीत विसरलेल्या रताळ्याला कोंब आले, ते त्यांनी दसऱ्याला रंगाच्या रिकाम्या डब्यात लावले. सेक्रेटरी सावंत हादरला. "काकू, बिल्डिंग रिडेव्हलपमेंटला चाललीये, आणि तुम्ही लागवड करताय?"

"महाशिवरात्रीला काढणार. याच घरात उकडणार. मग तुझी बिल्डिंग खुशाल पाड!"

* * *

मग आम्हीही डबे आणले. बँकेतून रिटायर झालेला शिरीष रोज माती उकरून बघायचा, धरलं का म्हणून. काकू वैतागल्या. "अरे, रोज पांघरूण काढून बघितलंस तर ते झोपेल कधी?"

शिरीषचा वेल आठवड्यात सुकला.

* * *

मी खताचा मारा केला. पानं अशी माजली की टाकीचा पाइप दिसेना! खाली रताळी शून्य. शेवटी पानांचीच भाजी केली. नवरा म्हणाला, "पालक झकास झालाय." मी आणखी एक डाव वाढला.

* * *

हळूहळू सगळे भाड्याच्या घरांत गेलो. काकू एकट्याच उरल्या. ठाण्याहून मुलाचा फोन यायचा, "आई, इथे बाजारात ढिगाने रताळी मिळतात गं."

"मिळतात रे. पण ती इथली नाहीत ना."

लग्न होऊन त्या याच घरात आल्या, काकाही इथेच गेले. त्यांना रताळी नको होती, थोडे दिवस हवे होते. हे कळल्यावर मला फार वाईट वाटलं. सावंतलाही कळत होतं, पण बिल्डरची माणसं त्याच्या डोक्यावर बसली होती.

* * *

महाशिवरात्रीला आम्ही सगळे गच्चीवर जमलो. काकूंनी वेल उपटला. खाली नुसती दोऱ्यासारखी मुळं.

"अहो काकू, अजून खाली बघा ना!" सावंत घाईघाईने म्हणाला.

काकूंनी हात खोल घातला. एक निघालं, दुसरं निघालं, चार निघाली! लालबुंद, गुबगुबीत. सावंतने सगळ्यांच्या आधी टाळ्या वाजवल्या.

काकूंनी एक रताळं पदराने पुसलं, उलटसुलट करून बघितलं. मग खाली जाऊन चारही उकडली, आम्हा सगळ्यांना वाटली. घराची किल्ली सावंतच्या हातात ठेवली आणि म्हणाल्या,

"नव्या बिल्डिंगमध्ये धुतलेली पुरू नकोस हो."