ट्रायलमध्ये न बसणारी बाई

काळजी ही वस्तू देवाने सगळ्यांना सारखी वाटली असती, तर आमच्या साडूंवर चारचौघांच्या वाट्याची वाहायची वेळ आली नसती. अख्ख्या माळव्यात त्यांच्याइतका धास्तावलेला माणूस नाही, हे मी छातीठोकपणे सांगतो. हे वाक्य त्यांनी वाचलं तर ते लगेच विचारतील, ‘अख्ख्या माळव्यातली माणसं तपासलीत कधी?’ कोणी नुसतं ‘आज ऊन छान पडलंय’ म्हणालं तरी ते ‘कुठे उभं राहून?’ असं विचारतात. विचारताना कपाळावर आठ्या अशा, की आता ऊन पडण्यातसुद्धा काही धोका आहे की काय, असं आपल्यालाच वाटायला लागतं.

याला कारण त्यांची नोकरी. इंदूरला सांवेर रोडवरच्या एका औषध कंपनीत त्यांनी उभी हयात नव्या गोळ्यांच्या ट्रायल घेण्यात घालवली. नवी गोळी कोणाला आणि जुनी कोणाला हे चिठ्ठ्या टाकून ठरवायचं, आणि मग गुण कोणाला येतो ते बघायचं, असं ते काम. पण माणसं घ्यायची ती पारखून. आजार एकच हवा, दुसरं काही दुखता कामा नये, गोळी वेळेवर घेणारा हवा, बोलावलं की हजर होणारा हवा. मुलीच्या लग्नासाठी शोधून सापडत नाहीत अशी माणसं साडूंना गोळ्यांसाठी मिळायची. या प्रकाराला ते ‘एक्स्प्लनेटरी’ म्हणत. मला पहिल्यांदा समजावून सांगताना म्हणाले होते, “साडूभाऊ, आधी बघायचं की गोळीत दम आहे का. गडबड करणारे लोक आत घेतले, तर गोळीचा गुण कोणता अन् माणसाचा अवगुण कोणता, पता कसा चलणार?”

निवृत्त होऊन राजेंद्र नगरच्या घरी बसले, आणि कंपनीचं सुटलं ते घरच्यांच्या मागे लागलं. एकदा दुकानदाराने नव्या चहापत्तीची तारीफ केली, तर साडूंनी त्याचीही ट्रायल मांडली. एकसारखे कप, कोणत्या कपात कोणता चहा हे कोणालाच ठाऊक नाही, आणि आम्ही सगळे पाहुणे ओळीने बसलेले. मग पारख सुरू झाली. मी पान खाऊन आलो होतो म्हणून बाद. माझ्या बायकोला साखर जास्त लागते म्हणून बाद. तिच्या भावाला सर्दी म्हणून बाद. शेजारचे एक काका तेवढे सगळ्या कसोट्यांना उतरले, पण ते चहाच पीत नव्हते. चहा गार झाला आणि आम्ही कोपऱ्यावर जाऊन प्यायलो.

त्यांची बायको म्हणजे माझ्या बायकोची थोरली बहीण. तिला मीही ताईच म्हणतो. ताईंचा या सगळ्याकडे बघण्याचा नूर निराळा. एका पावसाळ्यात साडूंनी मच्छर अगरबत्तीची परीक्षा घेतली. खोलीची दारं-खिडक्या बंद केल्या, फटीत फडकी कोंबली, आणि तासाभराने ‘शंभर टक्के काम करते’ असं जाहीर करत खोकत खोकत बाहेर आले. ताई ओट्यापाशी पोळ्या लाटत होत्या. म्हणाल्या, “तुमच्या बंद खोलीत मरून राहिले असतील, इथं मला चावून राहिले नं! मी काय खिडक्या लावून स्वयंपाक करू?”

“अगं, तो सवाल वेगळा आहे.”

“असेल. पण माझा तर तोच आहे!”

साडू यावर हसले नाहीत.

गेल्या थंडीत एका सकाळी ताई पोहे परतत होत्या आणि हातातून झारा खाली पडला. साडूंनी विचारलं काय झालं, तर उत्तरात जे शब्द आले ते कुठल्याच भाषेतले नव्हते. तोंड एका बाजूला ओढलं गेलेलं. फोन आल्यावर मी पोचलो तेव्हा साडू त्यांना धरून जिना उतरत होते, आणि एका पायात चप्पल नाही हे त्यांना दवाखान्यात गेल्यावरही कळलं नव्हतं. तासाभरात ताईंचा हात आणि जीभ दोन्ही ठिकाणावर आले. डॉक्टर मॅडम म्हणाल्या, मेंदूचा छोटा झटका होता, ब्लड प्रेशर फार वाढलंय. ते सांभाळलं नाही, तर पुढचा झटका असा सोडून देणार नाही. त्या दिवसापासून आम्ही सगळेच घाबरलेलो होतो, पण साडूंपुढे आमचं घाबरणं म्हणजे किस झाड की पत्ती.

या मॅडम पूर्वी साडूंच्या हाताखाली शिकलेल्या. त्यांनी सांगितलं, “सर, दोन गोळ्या आहेत. दोन्ही बाजारात चालतात, दोन्हींनी प्रेशर उतरतं. पण आपल्या ओपीडीतल्या लोकांना दुसऱ्या झटक्यापासून कोणती जास्त वाचवते, पक्कं कोणालाच माहीत नाही. म्हणून आम्ही प्रॅग्मॅटिक ट्रायल घेतोय. कम्प्युटर चिठ्ठी काढेल. ताईंना घ्यायचं का?”

“निवड कशी करता?” साडूंनी विचारलं.

“जवळजवळ नाहीच. शुगरवाले, म्हातारे, विसरणारे, सगळे. घरी रोज जसं चालतं तसंच चालू द्यायचं, आमची लुडबुड नाही.”

साडूंचा चेहरा पांढराफटक पडला. ताईंना रक्त तपासायला आत नेलं, तेव्हा बाहेरच्या बाकावर ते माझ्याशी हळूच बोलले, “साडूभाऊ, यातली एक गोळी माझ्याच ट्रायलमध्ये पास झालेली आहे.”

“मग झालं तर! तीच घ्या.”

“पास कोणावर झाली? हिच्या वयाचे आम्ही घेतलेच नाहीत. शुगर असली, बाद. किडनी जरा कमजोर, बाद. हिच्यासारख्या कितीतरी बायका यायच्या, फाईल छातीशी धरून. मी हात जोडून सांगायचो, माताजी, आप इसमें नहीं बैठतीं। त्या निमूट परत जायच्या. आता त्या गोळीचं हिच्यावर काय होईल, सच बोलूं तो मला माहीत नाही. इतकी वर्षं मी बंद खोलीतच बघत राहिलो.” मी त्यांच्यासाठी पाणी आणायला उठलो.

ताईंना सगळं समजावून सांगितलं, तर त्या खूशच झाल्या. “अशाच बायका पाहिजेत नं त्यांना? शुगरवाल्या, भुलक्कड? मग माझ्यासारखी दुसरी कुठं मिळणार! लिहा माझं नाव.” चिठ्ठी निघाली आणि गोळी ठरली. साडूंची नव्हे, दुसरी.

पुढचा महिना राजेंद्र नगरात कोणी विसरणार नाही. ‘घरी जसं चालतं तसंच’ हे साडूंना झेपेना. गोळीसाठी गजर लागला, गजर वाजला नाही तर म्हणून दुसरा लागला. मिठाचा डबा त्यांच्या ताब्यात गेला. इंदूरच्या घरात शेव कुलपात गेली. हे होळकरांच्या काळापासून कधी घडलं नसेल. पोह्यांवरचा जिरावण मसालाही गेला. प्रेशरचं यंत्र घेऊन ते दिवसभर ताईंच्या मागे फिरत. यंत्र दिसलं की ताईंचं प्रेशर वाढे, ते बघून साडूंचं वाढे. साडू भाजी आणायला बाहेर पडले की तेवढ्यापुरती घरात शांतता. “हे घरात असले की माझं डोकं भणभणतं,” ताई माझ्या बायकोला म्हणाल्या, “पण बाहेर गेले की जीव लागत नाही, ते पण आहेच नं.”

आणि मग एका सकाळी साडूंच्याच लक्षात आलं की आपण काय करून बसलो. जी ट्रायल साध्यासुध्या घरातल्या बाईची होती, तिच्यातल्या बाईला त्यांनी पारखून घेतलेला रोगी करून टाकलं होतं. आयुष्यभर दुसऱ्यांच्या चुका धरणारा हा माणूस तपासणीच्या दिवशी मॅडमसमोर मान खाली घालून उभा राहिला. “मॅडम, तुमची ट्रायल मी बिघडवली. असं घर कुठं असतं? हिचं नाव काढून टाका. माझ्याच्याने हात आवरत नाही. मी आवरला अन् हिला काही झालं तर?”

मॅडम हसल्या नाहीत. त्यांनी साडूंना खुर्ची दिली. “सर, असे नवरेही असतात जगात. नवरे, सुना, मुली. दुसऱ्या गोळीवाल्यांच्या घरातही असतील. चिठ्ठी सगळ्यांना दोन्हीकडे सारखं वाटून टाकते, हे तुम्हीच तर मला शिकवलंत. आम्ही कोणाला काढत नाही. तुम्हालाही नाही.”

साडूंनी चष्मा काढला आणि बराच वेळ पुसला. आयुष्यात पहिल्यांदाच कोणी त्यांना, आहेत तसं, आत घेतलं होतं.

जाताना ताईंनी विचारलं, “निकाल लागला की मला कळेल नं, कोणती चांगली ते?” मॅडम म्हणाल्या, नक्की कळवू, पण वेळ लागेल. साडू रिक्षात बसले. मग माझ्याकडे न बघता म्हणाले, “हजार बायकांचं कळेल, साडूभाऊ. या एकीचं नाही.”

त्यानंतर एक गजर कमी झाला, आणि रविवारी मूठभर शेव कुलपातून बाहेर येते. ताई ठीक आहेत. पुढचं कोणालाच ठाऊक नाही, आणि हे न ठाऊक असणं साडू कसं सोसतात ते मला अलीकडे कळलं. परवा संध्याकाळी त्यांच्याकडे बसलो होतो. ताई आत भाजी चिरत होत्या. आमच्या गप्पा चालू असताना साडू मध्येच थांबले आणि आत बघून त्यांनी हाक मारली, “अगं, ऐकलंस का?”

क्षणभर आतून काही आलं नाही. साडूंनी खुर्चीचा हात घट्ट धरला होता.

“काय हो?” ताईंचा आवाज आला, शब्द न् शब्द स्वच्छ.

“काही नाही,” साडू म्हणाले.